एक्केचाळिसावी बशी

गोदामात त्याला शिडी म्हणत. अंगानं उंच, हाडकुळा, आणि खांद्यावर सव्वीस वर्षं ॲल्युमिनियमची घडीची शिडी. लोकांनी दोघांना मिळून एकच नाव दिलं. त्याला त्याचं वाईट वाटत नसे. तो म्हणायचा, "खाली उभे राहून बोट दाखवणारे ढीगभर मिळतात. वर चढून हात घालणारा एखादाच."

काम केबल ओढण्याचं. औषधांचं मोठं गोदाम, चौदा रांगा, छताला टेकलेले रॅक. शिडीनं ओढलेली केबल कुठेही बघा, वीत-वीत अंतरावर पट्टा, पट्ट्याचं टोक कापलेलं, हाताला बोचणार नाही असं. स्क्रू आवळला की त्याची खाच सरळ उभी ठेवायचा. खाली उतरल्यावर एखादी तिरकी दिसली तर परत चढायचा. "तिथे कोण बघतंय?" असं कुणी विचारलं तर म्हणायचा, "मी बघितलंय ना."

इथपर्यंत माणूस चांगला.

काम चोख होतं आणि जीभ कामाहून धारदार. एकदा कंत्राटावरच्या एका वायरमननं बारा केबलींची टोकं न तपासता, बसल्या जागी अंदाजानं नावं लिहून चिकटवली. शिडीनं त्याला सगळ्यांसमोर उभं केलं, बाराही चिठ्ठ्या त्याच्याच नखांनी सोलायला लावल्या आणि मग मॅनेजरकडे जाऊन त्याचं नाव कामावरून कापून आणलं. तो माणूस रडकुंडीला आला. घरी मूल आजारी आहे म्हणाला.

"मूल तुझं आजारी," शिडी म्हणाला, "मग केबल माझी का आजारी पाडलीस?"

हे वाक्य पुढे कित्येक वर्षं तो डबा खाताना सांगायचा, आणि दर वेळी पहिल्यांदाच सुचल्यासारखा हसायचा.

शिडी धरायला त्याचा मेहुणा होता, बायकोचा धाकटा भाऊ. एक पाय लहानपणापासून अधू. चढणं जमत नसे, धरणं जमे. शिडीनंच त्याला कामाला चिकटवलं होतं आणि ते त्याला विसरू देत नव्हता. त्याला तो खांब म्हणायचा.

"खांबा, धरलीस का, की टेकून झोपलास?"

"धरलीय, भाऊजी."

"लोकांना बायकोबरोबर भांडीकुंडी मिळतात. मला खांब मिळाला."

हमाल हसायचे. मेहुणाही थोडं हसायचा. शिडी मात्र कधी हलू द्यायचा नाही.

तीन वर्षांपूर्वी गोदामात वायफाय आलं. छताला लावायच्या पांढऱ्या गोल चपट्या पेट्या आल्या, अठ्ठेचाळीस. हमालांनी त्यांना बशा म्हणायला सुरुवात केली आणि साहेब लोकही तेच म्हणू लागले. खाली हमालांच्या हातात स्कॅनर. खोक्यावर स्कॅनर धरला की कुठलं औषध, कुठल्या पत्त्यावर, ते बशीमार्फत ऑफिसात पोचायचं. सगळ्या बशांना नाव एकच. प्रत्येकीच्या पाठीवर मात्र बारा खुणांचा वेगळा नंबर, आकडे आणि इंग्रजी अक्षरं मिसळलेला. सगळ्या बशांवर एका जागेवरून नजर ठेवणारी यंत्रणा असते म्हणे. ती महाग म्हणून घेतली नव्हती. तिच्या जागी एक वही होती.

वहीची पद्धत शिडीनं घालून दिली. वर चढायचं. बशी उलटी करून पाठीवरचा नंबर मोठ्यानं वाचायचा. खालच्यानं तोच परत म्हणायचा. जुळला की खालच्यानं लिहायचा आणि मगच वर स्क्रू लावायचा. लिहायचं काम मेहुण्याचं. त्याचं अक्षर मोत्यासारखं होतं. "पायात नाही ते बोटात उतरलंय," शिडी म्हणायचा. त्याच्या तोंडून निघालेलं हे एवढंच कौतुक.

चाळीस बशा अशा झाल्या. उरलेल्या आठ कोल्ड रूममध्ये. तिथे औषधं गारठ्यात ठेवतात, श्वासाची वाफ दिसते. हातमोजे घालून बारीक स्क्रू धरता येत नाही, म्हणून शिडीनं ते काढले. एक्केचाळिसावी बशी जोडली तर दिवाच लागेना. खाली उतरला, जादाच्या खोक्यातली दुसरी घेऊन वर गेला. ही लागली. तोवर बोटं लाकूड झाली होती. त्यानं कसेबसे चार स्क्रू आवळले, खाचा सरळ केल्या आणि खाली आला.

"भाऊजी, नंबर?" मेहुण्यानं विचारलं.

"खोक्यावर छापलाय की."

"पण पाठीवरचा वाचून..."

"मग तू चढ. हं, ठेव पाय. कुठला ठेवतोस?"

मेहुण्यानं मान खाली घातली. शिडीनं त्याच्या हातातली वही ओढली, जमिनीवर दोन खोकी पडली होती त्यातल्या जवळच्या खोक्यावरचा नंबर स्वतःच लिहिला आणि बाहेर जाऊन हात काखेत घालून उभा राहिला. नासकी बशी दुकानदाराला परत गेली. उरलेल्या सात बशा रीतसर झाल्या. वही ऑफिसच्या कपाटात गेली.

ह्या गोष्टीला तीन वर्षं झाली आणि गोदामातून माल भलत्याच पत्त्यांवर जायला लागला.

महागडी औषधं. कागदोपत्री सगळं बरोबर, फक्त पत्ता मध्येच कुणीतरी बदललेला. ऑफिसातले पासवर्ड बदलून पाहिले, चार दिवसांनी परत तेच. शेवटी बाहेरून ऑडिट करणाऱ्या बाई आल्या. बुटक्या, सपाट बूट, खांद्याला पिशवी, पिशवीत टॅबलेट आणि त्याला जोडलेला बोटाएवढा अँटेना. मॅनेजरनं त्यांच्यासोबत शिडीला दिलं, शिडीसोबत मेहुणा आलाच.

"कुणीही बाजारातून एक बशी आणतो," बाईंनी सांगितलं, "आणि तिला तुमच्याच वायफायचं नाव देतो. स्कॅनर फक्त नाव बघतो. जिचा आवाज मोठा, तिच्याकडे जातो. पासवर्डही तिच्याच हातात देतो."

"म्हणजे सासूचा आवाज काढला की सून कडी काढते," शिडी म्हणाला.

बाई हसल्या. "तसंच. म्हणून आवाजावर जायचं नाही. नंबर बघायचा. ही वही कितपत खरी?"

"माझी आहे," शिडी म्हणाला. "अठ्ठेचाळीसच्या अठ्ठेचाळीस, वर चढून, पाठ वाचून. न चढता लिहिलेला एक नंबर दाखवा, मी ह्या दारातून स्वतःच्या पायानं बाहेर जातो."

मेहुणा घडीच्या शिडीच्या पायाशी वाकून काहीतरी बघत राहिला.

दुपारभर ते फिरले. ज्या बशीचा नंबर वहीत आहे ती टॅबलेटवर हिरवी, नाही ती लाल. सत्तेचाळीस हिरव्या झाल्या. एक लाल. आणि वहीतली एक्केचाळिसावी कुठेच नाही.

लाल बशीचा माग बाईंनी चालत काढला. टॅबलेटवर बशीच्या आवाजाचा आकडा दिसायचा: वजा ऐंशी म्हणजे लांब, वजा चाळीस म्हणजे डोक्यावर. टॅबलेट छातीशी धरून त्या जागच्या जागी गोल फिरायच्या. अंग मध्ये आलं की आकडा पडतो. ज्या दिशेला पाठ केल्यावर पडला, त्या दिशेला वस्तू. शिडीला ही रीत फार आवडली. अंगमेहनतीचं काम होतं. फिरत फिरत ते कोल्ड रूमच्या दाराशी आले.

आत आकडा वजा अडतीस झाला. बाईंनी वर बोट केलं. मेहुण्यानं शिडी उघडून धरली आणि शिडी वर चढला.

बशीच्या कडेला चार स्क्रू होते. चारही खाचा सरळ उभ्या.

चोर खाचा सरळ करत बसत नाही. अख्ख्या गोदामात तो नाद एकाच माणसाला होता. त्याला दोन खोकी आठवली, लाकूड झालेली बोटं आठवली, आणि कोणत्या खोक्यावरचा नंबर लिहिला तेही आठवलं. नासकीचा लिहिला होता.

त्यानं खाली पाहिलं. मेहुणा वर बघत होता. त्यानं दोन्ही हातांनी शिडी धरली होती आणि त्याच्या तोंडातून वाफ येत होती.

"काय दिसतंय?" बाईंनी विचारलं.

एवढंच म्हणायचं होतं की बाई, ही आमचीच, वहीत माझी चूक आहे. पण आत्ताच तो अठ्ठेचाळीसच्या अठ्ठेचाळीस म्हणाला होता. नखांनी चिठ्ठ्या सोलणारा वायरमन त्याच्या डोळ्यांपुढे आला आणि त्याच्याभोवती उभे राहून हसणारे सगळे आले. ह्या खेपेला मधोमध तो स्वतः उभा होता.

"परकी आहे," शिडी म्हणाला. "आपली काढून तिच्या जागी ही बसवलीय."

मेहुण्याचे हात हलले नाहीत. शिडी खाली उतरला तेव्हा कुठे त्यानं धरलेलं सोडलं.

कोल्ड रूमला किल्ली लागते आणि किल्ली नेताना सही करावी लागते. मागच्या सहा महिन्यांत माल ठेवणाऱ्यांव्यतिरिक्त एकाच माणसाची सही होती. मेहुण्याची, तीनदा. तिन्ही वेळा ट्यूब गेली म्हणून शिडीनंच त्याला बघायला पाठवलं होतं.

चौकशी मॅनेजरच्या केबिनमध्ये झाली. टेबलावर काढून आणलेली बशी. मेहुणा उभा, शिडी उभा.

"साहेब, मी शिडी चढत नाही," मेहुणा म्हणाला. "सगळ्यांना ठाऊक आहे. भाऊजींना विचारा."

मॅनेजरनं शिडीकडे बघितलं.

शिडीचे शब्द निघाले ते सरळ निघाले, खाचेसारखे. "चढताना मी पाहिलेला नाही. पण चोवीस तास काही मी त्याच्यासोबत नसतो."

मेहुण्यानं त्याच्याकडे पाहिलं. रागानं नाही. तो वाट बघत होता, जशी खाली उभा राहून वरच्या नंबराची बघायचा. मॅनेजरनं विचारलं, "आणखी काही सांगायचंय?" मेहुणा तरी शिडीकडेच बघत राहिला. मग म्हणाला, "माझं काही नाही."

पोलिसांत द्यायला पुरावा नव्हता. काढून टाकायला पुरेसा होता. त्याच दिवशी दारावरच्या पहारेकऱ्यानं त्याचा डबा उघडून तपासला आणि त्याला बाहेर सोडला. पहारेकरी ओरडला, "खांब पडला रे, छत सांभाळा!" हमाल हसले. शिडी तिथेच होता. तोही थोडा हसला.

घरी बायकोनं विचारलं, "त्यानं केलं असेल असं वाटतं तुम्हाला?"

"मला काय वाटतं त्याला कोण विचारतं? बशी सापडली."

तिनं पुढे विचारलं नाही. त्या दिवसापासून ती बोलायची ते कामापुरतं. ताट वाढलंय. पाणी गेलंय. दार लावून घ्या. शिडी स्वतःशी म्हणाला, भावाचं दुःख आहे, ओसरेल.

माल जायचा थांबला नाही. मॅनेजर आधी म्हणाला, लंगड्याचे साथीदार असतील. आठ महिन्यांनी म्हणायला साथीदारही उरले नाहीत, तेव्हा त्यानं बाईंना परत बोलावलं.

ह्या वेळी बाई सकाळी आल्या, गाड्या भरायच्या वेळेला. दहा वाजून पाच मिनिटांनी टॅबलेटवर एक नवी लाल बशी उगवली. ड्रायव्हर बसतात त्या खोलीच्या छताच्या पट्टीमागे ती होती, दिव्याच्या वायरीवरून वीज घेतलेली, चिकटपट्टीनं गुंडाळलेली. वाहतूक कंत्राटदाराचा कारकून गाड्या भरायच्या वेळेला दिवा लावायचा, की बशी चालू. बारा वाजता दिवा बंद, बशी बंद. कारकुनाला दुपारी पोलीस घेऊन गेले.

केबिनमध्ये बाई मॅनेजरला म्हणाल्या, "पहिल्या खेपेला आम्ही दुपारी फिरलो. सकाळी फिरायला हवं होतं. चूक माझी." एवढं सोपं. पाणी प्यायल्यासारखं बोलून गेल्या. शिडी त्यांच्या तोंडाकडे बघत राहिला.

मग त्यांनी पिशवीतून कोल्ड रूमची जुनी बशी काढली आणि वही उघडून शिडीपुढे ठेवली.

"ही तुमचीच आहे," बाई म्हणाल्या. "दुकानदाराकडे विचारलं. तुम्हाला दिलेल्या मालातलीच. आणि वहीत एक्केचाळिसावा नंबर आहे ना, त्या नंबरची बशी नासकी म्हणून बशा बसवल्या तेव्हाच त्याला परत गेलीय."

शिडीनं टेबलावरच बशी उलटी केली.

"तुम्ही म्हणालात, वही तुमची. मी तेव्हा नीट बघितलं नाही, आता बघा. सत्तेचाळीस ओळी एका हाताच्या. सुंदर अक्षर. ही एकच ओळ दुसऱ्या हाताची. हा हात कुणाचा?"

ओळ तिरकी गेली होती. गारठलेल्या बोटांनी लिहिलेली. अख्ख्या वहीत शिडीची म्हणावी अशी तेवढी एकच ओळ होती.

"माझा," तो म्हणाला.

मॅनेजरनं खुर्ची मागे सरकवली. "म्हणजे चोर सोडून संन्याशाला सुळी दिला आपण."

"साहेब, त्याला परत घ्या. मला काढा."

"परत घ्यायचा तर चौकशी चुकली असं लिहावं लागेल. चौकशीवर सही माझी आहे." त्यानं बशी उचलून शिडीच्या हातात दिली. "तुम्हाला काढून कसं चालेल? अठ्ठेचाळीस नंबर परत वाचायचे आहेत. शिडी धरायला माणूस मिळणार नाही. रॅकला दोरी बांधा आणि उरका."

दारातून स्वतःच्या पायानं बाहेर जाईन म्हणाला होता. गेला नाही. निवृत्तीला चौदा महिने होते.

त्या संध्याकाळी त्यानं बायकोला सगळं सांगितलं. ती भांडी पुसत होती. त्याचं सांगून होईपर्यंत तिनं एकही भांडं खाली ठेवलं नाही.

"त्यानं पहिल्याच दिवशी सांगितलं मला," ती म्हणाली. "कुणाला बोलू नकोस म्हणाला, भाऊजी सांगतील. आठ महिने ताट वाढताना रोज वाटायचं, आज सांगाल."

"मग विचारलं का नाहीस?"

"विचारलं होतं." तिनं दिवा घालवला आणि ती आत गेली.

मेहुणा एका वाहनतळावर नोकरीला लागला होता. येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांसाठी दांडा वरखाली करायचं काम. शिडी सुट्टीच्या दिवशी तिथे गेला. मेहुणा अधू पाय कठड्याला टेकवून उभा होता.

"बसा म्हटलं असतं," मेहुणा म्हणाला. "पण खुर्ची एकच आहे आणि ती मालकाची."

"मी साहेबांना सांगितलं. सगळं सांगितलं."

"कळलं मला. ताई बोलली."

"तू का बोलला नाहीस तेव्हा? तुझ्या डोळ्यांदेखत लिहिलं होतं मी."

एक गाडी आली. मेहुण्यानं दांडा वर केला, ती जाईपर्यंत धरला, हळू खाली सोडला.

"पद्धत तुमचीच होती ना, भाऊजी? तुम्ही वरून वाचायचं, मी खालून परत म्हणायचं. तुम्ही वाचलंच नाही. मी काय परत म्हणणार?"

"चूक झाली रे."

"चूक कोल्ड रूममध्ये झाली. केबिनमध्ये झाली ती चूक नव्हती." मागे दुसरी गाडी येऊन थांबली होती आणि हॉर्न देत होती. "सरका जरा. रस्त्यात उभे आहात."

सोमवारी शिडीनं बशांना सुरुवात केली. रॅकला दोरी बांधायची, चढायचं, वाचायचं, उतरायचं, लिहायचं, दोरी सोडायची, पुढे सरकायचं. दोन माणसांचं पाच मिनिटांचं काम एकट्याला पंचवीस मिनिटं घेत होतं. शिडी हलायची. चौथ्या दिवशी तो कोल्ड रूमला पोचला.

एक्केचाळिसाव्या जागी जुनी बशी परत लावायची होती. त्यानं हातमोजे काढले. वर चढला, बशी उलटी केली आणि सवयीनं नंबर मोठ्यानं वाचला, बाराच्या बारा खुणा. सवयीनंच थांबला. खाली दोरीचं टोक लोंबत होतं. त्यानं नंबर पुन्हा वाचला, मग तिसऱ्यांदा. तोवर बोटं लाकूड झाली, एक स्क्रू निसटून रॅकखाली गेला.

तो खाली उतरला, शोधायला गुडघ्यांवर वाकला. दारातून पहारेकऱ्यानं आत डोकं घातलं.

"कुणाशी बोलत होता हो, शिडी?"

शिडीनं रॅकखाली हात घातला. स्क्रू सापडला. तो परत चढला, चारही स्क्रू आवळले, खाचा सरळ केल्या. मग खाली येऊन वहीतली एक्केचाळिसावी ओळ खोडली आणि तिच्याखाली बरोबर नंबर लिहिला. अक्षर तिरकंच आलं.